उद्या बोर्डावर आहे, फाईल काढा

उच्च न्यायालयाचं दुसऱ्या दिवसाचं बोर्ड आदल्या संध्याकाळी लागतं. कितव्या कोर्टात, कितव्या नंबरला कोणतं प्रकरण, एवढंच त्यात असतं. आम्ही वकील मंडळी आपापले नंबर बघतो आणि कामाला लागतो. पण त्या यादीत निराधार अनुदानाचं एखादं रिट असलं, की शे-दोनशे किलोमीटरवरच्या एका तहसील कार्यालयात फोन खणखणतो. सरकारी वकिलांच्या कार्यालयातून विचारणा होते, ती जिल्ह्याला जाते, जिल्ह्याहून तालुक्याला, आणि शेवटी संगायो शाखेच्या अव्वल कारकुनाच्या मोबाइलवर येऊन थांबते. "उद्या बोर्डावर आहे, फाईल काढा." दोन-दोन वर्षं न हललेली फाईल त्या रात्री टेबलावर येते.

संगायो म्हणजे संजय गांधी निराधार अनुदान योजना. राज्यात १९८० पासून चालू आहे. विधवा, परित्यक्ता, दिव्यांग, दुर्धर आजाराने अंथरुणाला खिळलेले, ज्यांना मागेपुढे कोणी नाही असे ६५ वर्षांखालचे लोक तिच्यात बसतात. ६५ च्या पुढचे श्रावणबाळ योजनेत जातात. अनुदान महिन्याला १,००० रुपये होतं, २०२३ मध्ये ते १,५०० झालं. शहरातल्या नोकरदार माणसाला हा आकडा किरकोळ वाटेल. ज्या घरात दुसरा पैसाच येत नाही, तिथे त्यातून किराणा येतो, औषध येतं आणि एसटीचं तिकीट निघतं.

मी छत्रपती संभाजीनगरच्या खंडपीठात वकिली करते. मराठवाड्याचे आठ जिल्हे आणि अहिल्यानगर, जळगाव, धुळे, नंदुरबार असे बारा जिल्हे या खंडपीठाकडे येतात. विधी सेवा उपसमितीच्या पॅनलवर असल्यामुळे ही प्रकरणं माझ्याकडे येत राहिली. लोकांना वाटतं, कोर्टात गेलं की कोर्ट पैसे मंजूर करून टाकतं. तसं होत नाही. पात्र कोण आणि अपात्र कोण, हे या प्रकरणांत कोर्ट सहसा स्वतः ठरवत नाही. ज्याच्याकडे ते काम दिलेलं आहे त्याला ते सांगतं, की अमुक आठवड्यांत ठरव. आम्ही कोर्टातून आणतो ती तारीख. त्या तारखेसाठी मागे काय काय होतं, हे निकालपत्रात कधी येत नाही.

ऊसतोडीच्या पट्ट्यातल्या एका बाईंचं प्रकरण सांगते. नवरा वारलेला, पदरात दोन लेकरं. अर्ज सेतू केंद्रातून रीतसर भरलेला. तलाठ्याची चौकशी झालेली, त्याने ‘अर्जदार निराधार आहे’ असं लिहूनही दिलेलं. आणि तिथून पुढे काहीच नाही. बाई दर बाजाराच्या दिवशी तहसीलला जायच्या. खिडकीवरची उत्तरं ठरलेली. साहेब मीटिंगला गेलेत. वरून आलं नाही. यादी लागली की कळेल. नाही म्हणून कोणी सांगितलं नव्हतं, आणि तीच खरी अडचण होती. अर्ज नामंजूर झाला असता तर त्या आदेशाविरुद्ध दाद मागता आली असती. उत्तरच आलं नाही तर अपील कशावर करायचं? अशा वेळी राज्यघटनेच्या कलम २२६ खाली रिट हाच मार्ग उरतो. या अर्जावर काहीतरी निर्णय द्या, एवढं तरी या कार्यालयाला सांगा, ही त्यातली मागणी.

रिट दाखल झालं, नोटीस निघाली, बोर्डावर आलं. सकाळी आमचा नंबर यायच्या आधी सहायक सरकारी वकील, ज्यांना आम्ही एजीपी म्हणतो, व्हरांड्यात मला शोधत आल्या. मोबाइलवर एक पत्र होतं. मंजुरी आदेश, तारीख आदल्या दिवशीची. "मॅडम, झालं तुमचं काम. विड्रॉ करणार ना?"

अशा क्षणी नवा वकील हरखून जातो आणि याचिका मागे घेतो. अशीलही खूश असतो. पण मंजुरीचं पत्र आणि खात्यात पैसे यांच्या मधे बरंच काही असतं. नाव पोर्टलवर चढावं लागतं, आधार बँकेच्या खात्याला जोडलेलं असावं लागतं, बिल कोषागारात जावं लागतं. यातली एक कडी तुटली तर बाई पुन्हा त्याच खिडकीपाशी, आणि आता हातात कोर्टाचं प्रकरणही नाही. म्हणून आम्ही याचिका मागे घेतली नाही. ते पत्र कोर्टाच्या रेकॉर्डवर घ्यायला लावलं. आमच्याकडे अशा कागदावर ओळखीसाठी ‘एक्स’ अशी खूण करतात. पहिला हप्ता कधीपर्यंत जमा होईल, हे एजीपींकडून विचारून आदेशात लिहून घेतलं. मग प्रकरण निकाली निघालं. आदेश जेमतेम एका पानाचा.

बाहेर आल्यावर बाईंना सगळं समजावून सांगितलं. त्यांनी ऐकून घेतलं आणि विचारलं, "आन मागचे कुठं गेले?"

प्रश्न अगदी बरोबर होता. व्यवहारात अनुदान मंजुरीनंतर सुरू होतं, अर्जाच्या तारखेपासून नाही. दोन वर्षं अर्ज पडून राहिला तर १,५०० च्या दराने ३६,००० रुपये होतात. हे पैसे ना कारकुनाच्या खिशातून जातात, ना तहसीलदारांच्या. ते फक्त त्या बाईंच्या घरातून जातात. निर्णयाला उशीर करणाऱ्याला उशिराची काहीही झळ लागत नाही, आणि ज्याची काही चूक नाही त्याचे पैसे कायमचे बुडतात. या सगळ्या व्यवस्थेतली मला सर्वात जास्त सलणारी गोष्ट ही आहे. तेव्हापासून प्रत्येक याचिकेत थकबाकीची मागणी आम्ही वेगळ्या कलमात घालतो. प्रत्येक वेळी ती मिळते असं नाही. बऱ्याचदा ‘त्याबाबत स्वतंत्र निवेदन देण्याची मुभा’ एवढंच पदरात पडतं. पण मागितलीच नाही तर त्या मुभेचाही उल्लेख येत नाही.

याचिका लिहायला बसलं की पहिला प्रश्न येतो, अर्ज कधी केला? आणि दुसरा, पोच कुठे आहे? इथेच निम्मी प्रकरणं अडतात.

एक आजोबा आले होते. दृष्टी जवळजवळ गेलेली. सोबत नातू. प्लास्टिकच्या पिशवीत रेशनकार्ड, आधार, दिव्यांग प्रमाणपत्र, रहिवासाचा दाखला, उत्पन्नाचा दाखला, सगळं नीट घडी करून ठेवलेलं. पोच मात्र नाही. "त्या पोरानं कागद घेतले आन म्हणला, बाबा झालं तुमचं." पोच दिली का, हे विचारायचं असतं हेच त्यांना कोणी सांगितलं नव्हतं. कोर्टापुढे जायचं तर अर्ज प्रलंबित आहे हे दाखवायला हवं, आणि अर्ज दिल्याचाच पुरावा नाही. माहितीच्या अधिकारात विचारलं. ३० दिवसांच्या मुदतीत उत्तर आलं, की सदर नावाचा अर्ज अभिलेखात आढळून येत नाही.

प्रकरण इथेच संपलं असतं. पण गावच्या तलाठी सज्जातून आम्ही चौकशी अहवालाची प्रत मिळवली होती. माझ्याबरोबर काम करणाऱ्या मुलीने ती दिव्याखाली धरून वाचली. अहवालाचा मजकूर नेहमीचाच होता. तिचं लक्ष गेलं ते सगळ्यात वरच्या ओळीकडे. प्रत्येक सरकारी पत्रात विषयाखाली ‘संदर्भ’ असतो, आणि तो सहसा कोणी वाचत नाही. तिथे लिहिलं होतं : तहसील कार्यालयाचे पत्र, जा.क्र. अमुक, दिनांक अमुक. म्हणजे तहसीलनेच तलाठ्याला पत्र पाठवून या आजोबांची चौकशी करायला सांगितलं होतं. अर्जच नव्हता तर चौकशी कशाची लावली? तो जावक क्रमांक आम्ही याचिकेत ठळक अक्षरात टाकला आणि अहवाल सोबत जोडला. पुढच्या तारखेला अर्ज ‘आढळून आला’. एका दुसऱ्या गावाच्या गठ्ठ्यात गेला होता, असं सांगण्यात आलं. तसं झालंही असेल. पण त्या एका ओळीवर नजर पडली नसती, तर तो गठ्ठा कोणी सोडलाच नसता.

याच आजोबांच्या शपथपत्रावर अंगठा घेताना बराच वेळ लागला होता. शाईच्या पॅडवर अंगठा दाबला, कागदावर टेकवला, तर नुसता निळा डाग उमटला. आयुष्यभर दगड फोडायचं काम केलेलं, बोटांच्या रेषा झिजून गेलेल्या. दुसरा हात धरला, अंगठा पुसून कोरडा केला, शाई अगदी कमी लावली, तेव्हा कुठे चार रेषा दिसल्या. नातू म्हणाला, रेशनच्या मशीनवरही आजोबांचा अंगठा लागत नाही, दर महिन्याला भांडावं लागतं. ज्या कष्टांमुळे माणूस थकतो, त्याच कष्टांमुळे त्याची ओळख पटेनाशी होते. ‘अंगठा जुळत नाही’ हा शेरा मी एकाहून अधिक फायलींमध्ये अर्ज लटकण्याचं कारण म्हणून पाहिला आहे.

आता दुसऱ्या बाजूचंही सांगायला हवं, कारण पडद्यामागे ती बाजूही आहे. एकदा एका तालुक्याच्या नायब तहसीलदार मॅडम स्वतः फाईल घेऊन खंडपीठात आल्या होत्या. पहाटे निघालेल्या. सुनावणी दुपारनंतर होती, म्हणून व्हरांड्यातल्या बाकावर बसलेल्या. मी त्यांच्या विरुद्ध बाजूची वकील, तरी त्यांनी मोकळेपणाने सांगितलं. संगायोचं टेबल सांभाळायला एकच कर्मचारी. त्याच्याकडे निवडणुकीचंही काम आणि अतिवृष्टीच्या पंचनाम्यांच्या याद्याही. पोर्टलचं लॉगिन एकच. आणि मुख्य म्हणजे मंजुरी देणारी तालुका समितीच बसत नाही. त्या समितीचे अध्यक्ष आणि बरेच सदस्य अशासकीय असतात, राजकीय शिफारशीने नेमले जातात. सरकार बदललं की जुन्या समित्या जातात आणि नव्यांची नावं ठरेपर्यंत महिने जातात. समिती असली तरी बैठकीला गणपूर्ती होत नाही. "आम्ही अर्ज छाननी करून ठेवलेत मॅडम. सही कोणाची घेऊ?"

त्या मॅडमच्या फाईलमध्ये प्रत्येक अर्जाची छाननी खरंच झालेली होती. टिपणीवर तारखा होत्या, त्रुटी लिहिलेल्या होत्या. त्यांच्यावर राग धरायचं काही कारण नव्हतं. पण त्यांची अडचण ही निराधार माणसाने उपाशी राहायचं कारण होऊ शकत नाही. त्या दिवशी सुनावणीत मी एवढंच मांडलं, की समिती नेमणं हे सरकारचं काम आहे, ते सरकारने केलं नाही म्हणून अर्जदाराने किती थांबायचं? कोर्टाने सरकारी वकिलांना एकच प्रश्न विचारला, किती दिवसांत करता? आणि जे उत्तर आलं तीच मुदत आदेशात घातली. तो आदेश एका माणसाच्या याचिकेवर झाला होता, पण त्या तालुक्यात अडकलेल्या बाकीच्या अर्जांचीही बैठक त्याच आठवड्यात लागली. अशा बातम्या वर्तमानपत्रांत येत नाहीत. त्या मॅडमनी मला फोन करून सांगितलं म्हणून कळलं.

मुदतीच्या आदेशाला एक धार असते, आणि ती उलटूही शकते. ‘अर्ज कायद्यानुसार निकाली काढावा’ एवढंच आदेशात आलं, तर काही कार्यालयं तो शब्दशः निकालीच काढतात. एका घरकाम करणाऱ्या बाईंचा अर्ज असा मुदतीच्या शेवटच्या दिवशी निकाली निघाला. पत्रात एक ओळ होती, उत्पन्नाची अट पूर्ण करत नसल्याने अपात्र. दाखल्यावर वार्षिक उत्पन्न २४,००० होतं आणि योजनेची मर्यादा २१,०००.

हा २१,००० चा आकडा जरा उलगडून बघू. दिवसाला ५८ रुपयेही पडत नाहीत. महाराष्ट्रात रोजगार हमीचा २०२५-२६ चा दर दिवसाला ३१२ रुपये होता. एखाद्या कुटुंबाने त्या वर्षी हमीचे पुरे १०० दिवस काम केलं, तर ३१,२०० रुपये होतात. म्हणजे सरकारनेच हमी दिलेलं काम, सरकारनेच ठरवलेल्या दराने केलं, तर ते कुटुंब सरकारच्याच व्याख्येत निराधार राहत नाही. मग होतं काय? दाखला देणारे आणि घेणारे दोघेही २१,००० च्या आत बसेल असा आकडा लिहितात, कारण सगळ्यांना ठाऊक असतं की खरा आकडा लिहिला तर अर्ज गेला. या बाईंनी खरा सांगितला होता. ही मर्यादा वाढवली पाहिजे. यात दुसरं मत असूच शकत नाही.

त्या बाईंसाठी आम्ही पुन्हा याचिका केली. दारिद्र्यरेषेखालच्या यादीत कुटुंबाचं नाव असेल तर तोही पात्रतेचा मार्ग आहे, आणि त्यांचं नाव यादीत होतं. त्याचा विचारच झाला नव्हता. या वेळी मागणीच वेगळी लिहिली. निर्णय लेखी असावा, कारणांसह असावा, अर्जदाराचं म्हणणं ऐकून घेतलेलं असावं आणि तो तिला कळवलेला असावा. आता हे चार मुद्दे मी प्रत्येक याचिकेत घालते. कारणं लिहायची म्हटलं की फाईल वाचावी लागते, आणि फाईल वाचली की निम्म्या वेळा अर्जदार पात्र निघतो.

कायद्यात मुदती नाहीत अशी कोणाची समजूत असेल तर ती चुकीची आहे. महाराष्ट्रात २००५ चा बदल्यांचा कायदा आहे. अण्णा हजारे यांच्या आंदोलनाचा त्यामागे मोठा वाटा होता. त्या कायद्याच्या नावातच बदल्यांचं विनियमन आणि कर्तव्यातल्या विलंबाला प्रतिबंध असे दोन भाग आहेत. बदल्यांचा भाग प्रत्येक कर्मचाऱ्याला तोंडपाठ असतो. दुसरा भाग, ज्याला बोलीत दफ्तर दिरंगाई कायदा म्हणतात, तो क्वचितच कोणी उघडतो. त्यातलं कलम १० सांगतं, की कोणतीही फाईल एका कर्मचाऱ्याकडे सर्वसाधारणपणे सात कामकाजाच्या दिवसांहून जास्त राहू नये. दुसऱ्या विभागाकडे पाठवायची गरज नसलेल्या फाईलवर ४५ दिवसांत निर्णय व्हावा, पाठवावी लागली तर तीन महिन्यांत. मुद्दाम किंवा निष्काळजीपणे उशीर करणाऱ्यावर शिस्तभंगाची तरतूदही आहे. ‘सरकारी काम, सहा महिने थांब’ ही म्हण आपण हसून सोडून देतो. हे कलम तसं म्हणत नाही. याचिकेत हे कलम घातलं, की त्यावर उत्तर देणं सरकारी पक्षाला जड जातं. त्याखेरीज २०१५ चा लोकसेवा हक्क कायदा आहे. अधिसूचित सेवा मुदतीत दिली नाही, तर अपील आहे आणि अधिकाऱ्याला ५०० ते ५,००० रुपये दंडाची तरतूद आहे. उत्पन्नाचा दाखला अडला असेल तर उच्च न्यायालयापर्यंत यायची गरजच नाही, हे अपील जवळच होतं.

सर्वोच्च न्यायालयानेही या विषयात फार पूर्वी मुदती घातल्या आहेत. २००१ मध्ये पीपल्स युनियन फॉर सिव्हिल लिबर्टीजने अन्नाच्या हक्काची याचिका केली. देशात दुष्काळ होता आणि सरकारी गोदामं धान्याने भरलेली होती. त्या प्रकरणात २८ नोव्हेंबर २००१ रोजी जो अंतरिम आदेश झाला, त्यात वृद्धापकाळ निवृत्तिवेतनाच्या लाभार्थ्यांची निश्चिती करून १ जानेवारी २००२ पर्यंत पैसे द्यायला सुरुवात करावी आणि दर महिन्याच्या ७ तारखेपर्यंत रक्कम द्यावी, असं राज्यांना सांगितलं होतं. हप्ते रखडल्याच्या प्रकरणांत मी आजही ती ७ तारीख कोर्टापुढे ठेवते. याउलट सरकारी नोकरांच्या निवृत्तिवेतनाचं बघा. पेन्शन ही मेहेरबानी नसून हक्क आहे, असा सर्वोच्च न्यायालयाचा नकारा प्रकरणातला निकाल १७ डिसेंबर १९८२ चा. ती तारीख आज पेन्शनर दिन म्हणून पाळली जाते, कारण निवृत्त कर्मचाऱ्यांच्या संघटना आहेत. निराधारांची संघटना कुठून असणार?

उशिराचा हा प्रश्न फक्त आपल्याकडचा आहे असंही नाही. इंग्लंडमध्ये अपंगांना मिळणाऱ्या एका भत्त्याचे अर्ज असेच रखडले, तेव्हा दोन अर्जदार तिथल्या उच्च न्यायालयात गेले. त्यांची नावं गुप्त ठेवली होती, सी आणि डब्ल्यू एवढीच अक्षरं निकालात आहेत. एकाच्या अर्जाला वर्षाहून जास्त काळ लागला होता. २०१५ मध्ये कोर्टाने म्हटलं, की त्यांच्या प्रकरणांत झालेला उशीर बेकायदेशीर होता, कारण वाजवी वेळेत निर्णय घेणं हे खात्याचं कर्तव्य आहे. पण सगळ्या रखडलेल्या अर्जदारांना लागू होईल अशी सरसकट घोषणा करायला त्या कोर्टाने नकार दिला. आपल्याकडेही अनुभव तोच. कोर्ट समोरच्या माणसाचं बघतं. त्याच्या मागे रांगेत उभ्या असलेल्यांना आपापली याचिका करावी लागते.

जातवैधतेच्या प्रकरणांत हेच चित्र दर उन्हाळ्यात दिसतं. १९९४ च्या माधुरी पाटील निकालात सर्वोच्च न्यायालयाने पडताळणी समित्या कशा चालाव्यात, दक्षता पथकाने चौकशी कशी करावी हे घालून दिलं आणि समितीने दोन महिन्यांच्या आत निर्णय द्यावा असं म्हटलं. तरी प्रवेशाचा हंगाम आला की आमच्या बोर्डावर पानंच्या पानं याच याचिकांनी भरतात. त्यावर स्वतंत्रच लिहावं लागेल.

आदेश हातात पडल्यावरचं काम थोडक्यात सांगते. उच्च न्यायालयाचे आदेश इंग्रजीत असतात. अशील तो कागद घेऊन तहसीलच्या खिडकीवर जातो, तिथला माणूसही तो नीट वाचत नाही. म्हणून मी आदेशाच्या प्रतीसोबत मराठीत एक पान जोडते. याचिका क्रमांक, आदेशाची तारीख, काय करायचं आहे, आणि शेवटची मुदत कोणती. ते पान आणि आदेश आवक विभागात देऊन दुसऱ्या प्रतीवर शिक्का घ्यायचा. मुदत त्या दिवसापासून मोजली जाते असं बऱ्याच आदेशांत लिहिलेलं असतं, त्यामुळे हा शिक्का नसेल तर आदेश असून नसल्यासारखा. मुदतीत काहीच झालं नाही तर अवमान याचिका. तिलाही कायद्याने एक वर्षाची मर्यादा आहे. ‘साहेब बदलून गेले, नवे साहेब बघतील’ हे ऐकत वर्ष घालवलेली माणसं मी पाहिली आहेत, आणि त्यांच्यासाठी पुन्हा पहिल्यापासून सुरुवात करावी लागते.

आणि फी? हा प्रश्न माणसं सगळ्यात शेवटी आणि खालच्या आवाजात विचारतात. १,५०० रुपयांसाठी वकील कसा परवडणार, या विचाराने बहुतेक जण येतच नाहीत. विधी सेवा प्राधिकरण कायदा १९८७ चा आहे. त्याच्या कलम १२ प्रमाणे महिला, मुलं, अनुसूचित जाती-जमातींचे लोक, दिव्यांग, आपत्तीग्रस्त यांना उत्पन्नाची अट न लावता मोफत वकील मिळतो. निराधार योजनेचे बहुतेक अर्जदार यातल्या एका ना एका गटात बसतातच. त्यासाठी खंडपीठापर्यंत यायचीही गरज नाही. तालुक्याच्या न्यायालयात विधी सेवा समिती असते, तिथे साधा अर्ज दिला तरी तो पुढे पाठवला जातो. पश्चिम महाराष्ट्र आणि दक्षिण कोकणातल्या सहा जिल्ह्यांसाठी १८ ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापुरात उच्च न्यायालयाचं सर्किट बेंच सुरू झालं, त्यामुळे तिकडच्या लोकांची मुंबईची खेपही वाचली.

सरकारकडे माझी मागणी एकच आहे. ठरलेल्या मुदतीत निर्णय झाला नाही आणि अर्जदार नंतर पात्र ठरला, तर अनुदान अर्जाच्या तारखेपासून द्या. त्यासाठी नवा कायदा लागत नाही, एक शासन निर्णय पुरेसा आहे.

आणि हे वाचणाऱ्यांना विनंती. तुमच्या घरी भांडी घासायला येणाऱ्या मावशी, सोसायटीचे जुने वॉचमन, गावाकडच्या एकट्या काकू यांच्यापैकी कोणाचा असा अर्ज पडून असेल, तर त्यांना अर्जाबद्दल आठवणीने विचारा आणि त्याची पोच बघायला मागा. नसेल तर त्यांच्याबरोबर तहसीलला जा, दुसरी प्रत द्या आणि तिच्यावर आवक क्रमांक, तारीख आणि शिक्का घ्या. दोन-तीन महिने उत्तर आलं नाही तर १५१०० हा विधी सेवेचा राष्ट्रीय हेल्पलाइन क्रमांक लावा.